दारावरच्या डोळ्याचा इतिहास

जुना वाडा ज्या भगिनींनी पाहिला असेल, त्यांना त्याचा दरवाजा आठवत असेल. मोठा दरवाजा रात्री बंद होई, पण अवेळी येणाऱ्या-जाणाऱ्यासाठी त्यातच एक लहानशी दिंडी असे. दिंडीतून आत यावयाचे तर मान वाकवावी लागे. आत देवडीवर कोणीतरी बसलेले असे. कोण आला, कोण गेला, हे पाहणे एवढेच त्याचे काम. त्याची नजर बाहेर असावयाची. माजघराकडे त्याने पाहू नये, असा दंडकच होता.

आता वाडे जाऊन इमारती झाल्या, आणि देवडीवरच्या माणसाच्या जागी भिंतीवर काचेचा डोळा आला. हा डोळा झोपत नाही, पगार मागत नाही आणि पाहिलेले विसरत नाही. परंतु गेल्या वीस वर्षांत जगात ठिकठिकाणी असे घडले की, घर राखण्यासाठी बसविलेल्या या डोळ्यातून घरातली माणसेच परक्यांना दिसू लागली. हे कसे घडत गेले, याचा इतिहास वाचून जेवढा मला उमगला, तेवढा आपणांपुढे ठेवते.

सीसीटीव्ही या नावातच 'बंद मंडल' असा अर्थ आहे. म्हणजे चित्र जेथून निघते आणि जेथे दिसते, ती दोन्ही टोके आपल्याच ताब्यात. मध्ये तिसऱ्याला वाट नाही. दुसऱ्या महायुद्धात, १९४२ साली, जर्मनीत पेनेम्युंडे येथे व्ही-२ अग्निबाणांचे उड्डाण सुरक्षित अंतरावरून पाहता यावे म्हणून वॉल्टर ब्रुख या अभियंत्याने अशी योजना केली होती. तेथे या डोळ्याचे काम युद्धाचे होते.

तो घराच्या दाराशी आणला मात्र एका स्त्रीने, हे वाचून मला फार बरे वाटले. मेरी व्हॅन ब्रिटन ब्राउन ही न्यूयॉर्क शहराच्या क्वीन्स भागात राहणारी नीग्रो वंशाची परिचारिका. नवरा अल्बर्ट ब्राउन विजेच्या यंत्रांचा जाणकार. दोघांच्याही कामाच्या वेळा वेड्यावाकड्या, त्यामुळे तिला पुष्कळदा रात्री घरात एकटीने राहावे लागे. वस्तीत गुन्हे वाढलेले, आणि पोलिसांना बोलावले तरी ते येण्यास उशीर लागे. दाराची कडी वाजली की उठून दारापर्यंत जाण्याचीही भीती. या भीतीतून तिने युक्ती काढली. दाराला वेगवेगळ्या उंचीवर चार छिद्रे, त्यांच्या मागे वरखाली सरकणारा कॅमेरा, आणि निजावयाच्या खोलीत चित्र दाखविणारा पडदा. बाहेर उंच माणूस असो वा मूल, ते खाटेवरून दिसावे. बाहेरच्याशी बोलता यावे. ओळखीचा असेल तर बटण दाबून दार उघडता यावे. आणि धोका वाटला तर दुसरे बटण दाबून मदत मागता यावी. नवरा-बायकोने १ ऑगस्ट १९६६ रोजी पेटंटसाठी अर्ज केला, व २ डिसेंबर १९६९ रोजी त्यांना ते मिळाले. त्या वेळी तिने चाळिशी ओलांडली होती.

या यंत्रातील एक गोष्ट मला विशेष ध्यानात ठेवण्याजोगी वाटते. तिच्या कॅमेऱ्याचे तोंड बाहेर होते. पाहणारी बाई आत होती आणि जो दिसावयाचा तो दारातला परका होता. पुढच्या साऱ्या इतिहासात हाच क्रम हळूहळू उलटा होत गेला.

इंटरनेटवरून दिसणाऱ्या कॅमेऱ्याची सुरुवात मोठी गमतीची आहे. इंग्लंडात केंब्रिज विद्यापीठाच्या संगणक प्रयोगशाळेत ट्रोजन रूम नावाची एक खोली होती, व तिच्याजवळ कॉफीचे भांडे असे. दुसऱ्या मजल्यांवरची मंडळी जिने चढून-उतरून येत आणि पाहतात तो भांडे रिकामे! १९९१ साली क्वेंटिन स्टॅफर्ड-फ्रेझर व पॉल जार्डेट्स्की या दोघांनी त्या भांड्यावर कॅमेरा रोखला आणि चित्र प्रयोगशाळेतील सर्वांच्या संगणकांवर दिसेल अशी सोय केली. १९९३ च्या नोव्हेंबरात हेच चित्र इंटरनेटवर आले, आणि जगातील लोक त्या कॉफीच्या भांड्याचे दर्शन घेऊ लागले. २२ ऑगस्ट २००१ रोजी तो कॅमेरा बंद झाला, आणि ते यंत्र लिलावात ३,३५० पौंडांना विकले गेले.

कॉफीचे भांडे साऱ्या जगाने पाहिले म्हणून कोणाचे काय बिघडले? काहीच नाही. परंतु युक्ती तीच. भांड्याच्या जागी पाळणा असला की अर्थ बदलतो.

१९९६ साली स्वीडनमधील ॲक्सिस या कंपनीने 'नेटआय २००' नावाचा कॅमेरा बाजारात आणला. संगणकाच्या मदतीवाचून थेट जाळ्यास जोडता येणारा हा पहिला कॅमेरा. म्हणजे कॅमेरा स्वतःच एक छोटा संगणक झाला व त्याला स्वतःचा पत्ता मिळाला. पत्ता म्हणजे आकड्यांचा. आपल्या घरास जसा क्रमांक, तसा. ज्याला पत्ता आहे त्याच्याकडे पत्र येऊ शकते, आणि चोरही येऊ शकतो. बंद मंडल उघडले ते येथे. पण नाव मात्र सीसीटीव्ही हेच राहिले, आणि त्या जुन्या नावावर विसंबून लोक निर्धास्त राहिले.

येथे थोडे घरगुती भाषेत सांगते. मी सातवीपर्यंत शिकलेली. मला समजले, तर कोणाही भगिनीस समजेल. घरात इंटरनेट आणणारी जी पेटी असते, तिला राउटर म्हणतात. ती वाड्याच्या दरवाजासारखी. आतले माणूस बाहेर जाऊन बाजार करून येऊ शकते, पण न बोलावता बाहेरचा आत येत नाही. आता आपणांस गावाला गेल्यावर मोबाइलवर घर पाहावयाचे असते. त्यासाठी कॅमेरे बसविणारा कारागीर कधी कधी या दरवाजात एक दिंडी कायमची उघडी करून ठेवतो. त्याला पोर्ट फॉरवर्डिंग म्हणतात. काही राउटर तर असे भोळे की, आतल्या यंत्राने मागितले की मालकाला न विचारता स्वतःच दिंडी उघडतात. दुसरी तऱ्हा म्हणजे कॅमेऱ्याने चित्र आपल्या कंपनीच्या दूरच्या संगणकावर पाठवावयाचे आणि आपण मोबाइलमधील ॲपवरून तेथे जाऊन पाहावयाचे. यात दिंडी उघडावी लागत नाही, पण आपल्या घराची एक किल्ली कंपनीकडे राहते.

दोन्ही तऱ्हांत शेवटचा अडसर एकच, तो म्हणजे पासवर्ड. जुन्या भाषेत परवलीचा शब्द. कारखान्यातून यंत्र निघते तेव्हा त्यास एक ठरावीक परवलीचा शब्द घातलेला असतो. एकाच नमुन्याच्या हजारो यंत्रांना पुष्कळदा तोच, आणि तो माहितीपुस्तिकेत छापलेला! गावातल्या सगळ्या कुलपांना एकच किल्ली, आणि ती चावडीवर टांगलेली, असा हा प्रकार.

२००५ सालच्या आरंभीच वर्तमानपत्रांतून आले होते की, गूगलवर काही विशिष्ट शब्द घातले की परक्यांचे शेकडो कॅमेरे सहज पाहता येतात. लोकांनी नवल म्हणून वाचले व सोडून दिले. २००९ साली जॉन मॅथर्ली याने शोदान नावाचे एक शोधयंत्र लोकांस खुले केले. गूगल मजकूर शोधते, तर हे यंत्र इंटरनेटच्या पत्त्यांवर फिरून कोणते उपकरण 'ओ' देते त्याची नोंद ठेवते. इंटरनेटवरील जुन्या पद्धतीचे पत्ते सुमारे ४३० कोटी. माणसाने एकेक दार वाजवावयाचे तर जन्म पुरणार नाही, पण यंत्राला त्याचे काय? अभ्यासकांना यामुळे धोका मोजता आला, हा लाभ. आणि उघडी दारे दुष्टांनाही कळली, हा तोटा. 'आमच्या घरात पाहण्यासारखे आहे काय, कोण कशाला येतो?' असे आपण म्हणतो, त्यास अर्थ राहिला नाही. येणारा आपले नाव पाहून येत नाही. सारी दारे ढकलीत तो जातो, आणि जे उघडेल तेथे शिरतो.

१० वर्षांपेक्षा जुनी अशी एक गोष्ट तर मुलाबाळांच्या आयांनी अवश्य ध्यानात ठेवावी. अमेरिकेतील ट्रेंडनेट ही कंपनी घरात व बाळाच्या खोलीत लावण्याचे कॅमेरे सुरक्षित म्हणून विकीत असे. १९१२ नव्हे, तर अगदी अलीकडच्या २०१२ सालच्या जानेवारीत असे उघडकीस आले की, मालकाने पासवर्ड लावला असला तरी त्यावाचून चित्र दिसण्याची खोट त्या यंत्रात राहून गेली होती. सुमारे ७०० कॅमेऱ्यांचे दुवे इंटरनेटवर पसरले. पाळण्यात निजलेली बाळे, खेळणारी मुले, आपापली कामे करणारी माणसे परक्यांनी पाहिली. अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशनने चौकशी केली. सप्टेंबर २०१३ मध्ये जाहीर झालेल्या तडजोडीप्रमाणे त्या कंपनीस सुरक्षिततेचे खोटे दावे करण्यास बंदी झाली, ग्राहकांना कळवून दोन वर्षे फुकट मदत देणे भाग पडले, आणि २० वर्षेपर्यंत दर दोन वर्षांनी त्रयस्थाकडून तपासणी करून घेण्याचे बंधन आले. या ठिकाणी मालकाकडे काडीचाही दोष नव्हता. त्याने कडी लावली होती. कडीच खोटी होती.

उलट बाजूचे उदाहरण २०१४ सालचे. त्या वर्षीच्या नोव्हेंबरात ब्रिटनच्या माहिती आयुक्तांनी लोकांस जाहीर इशारा दिला की, रशियातून चालणाऱ्या एका संकेतस्थळावर देशोदेशींच्या हजारो कॅमेऱ्यांची चित्रे चालू आहेत. तेथे कोणी मोठी विद्या लढविली नव्हती. कारखान्याचा ठरावीक पासवर्ड ज्यांनी बदलला नव्हता, तेवढेच कॅमेरे गोळा केले होते. दुकाने, अंगणे, बैठकीच्या खोल्या आणि मुलांचे पाळणे, सारे त्यात होते.

दोन वर्षांनी याच आळसाने भलतेच रूप घेतले. २०१६ साली 'मिराई' नावाचा एक दुष्ट प्रोग्राम पसरला. त्याच्याजवळ ठरावीक नावे व पासवर्ड यांच्या साठाच्या आसपास जोड्या होत्या. तेवढ्यावर त्याने जगातील लक्षावधी कॅमेरे, रेकॉर्डर व राउटर आपले गुलाम केले, आणि २१ ऑक्टोबर २०१६ रोजी डिन या कंपनीवर त्यांतील पुष्कळांचा एकदम मारा झाला. इंटरनेटवरील नावांचे पत्ते सांगण्याचे काम ही कंपनी करीत असे. त्यामुळे ट्विटर, नेटफ्लिक्स अशी मोठमोठी ठिकाणे अमेरिकेत काही तास बंद पडली. ज्यांचे कॅमेरे या हल्ल्यात वापरले गेले, त्यांना त्याची दादही नव्हती. आपल्या घरची उघडी खिडकी केवळ आपल्यालाच नडते असे नाही, हे जगाला त्या दिवशी कळले.

कंपनीकडे ठेवलेल्या किल्लीचे काय होते, तेही पाहिले पाहिजे. २०२१ सालच्या मार्चमध्ये वर्काडा या कंपनीच्या मुख्य किल्लीचा परवलीचा शब्द बाहेर पडला, आणि रुग्णालये, शाळा, तुरुंग, कारखाने अशा ठिकाणचे सुमारे दीड लाख कॅमेरे परक्यांच्या नजरेस आले. ॲमेझॉनच्या मालकीच्या रिंग कंपनीविरुद्ध २०२३ सालच्या मे महिन्यात जी तक्रार दाखल झाली, तीत असे नमूद आहे की, २०१७ साली तिच्याच एका नोकराने किमान ८१ स्त्रियांच्या कॅमेऱ्यांतील हजारो चित्रफिती, निजण्याच्या खोलीतल्यासुद्धा, चोरून पाहिल्या. कंपनीने ५८ लाख डॉलर भरून ते प्रकरण मिटविले. कुंपणानेच शेत खाल्ले, तर दाद कोणाकडे मागावी?

हे सारे परदेशचे, असे कोणी म्हणेल. म्हणून आपल्याकडचे सांगते. २०२५ सालच्या फेब्रुवारीत गुजरातेत राजकोट येथील एका प्रसूतिगृहातील चित्रफिती यूट्यूब व टेलिग्रामवर आल्या. तपासणीच्या खोलीत डॉक्टर व परिचारिका यांच्यासमोर विश्वासाने पडलेल्या स्त्रिया, आणि त्यांची ती चित्रे पैसे घेऊन विकली जात होती. अहमदाबादच्या सायबर पोलिसांनी जे आरोपी पकडले, त्यांत आपल्या महाराष्ट्रातीलही होते. त्याच वर्षाच्या नोव्हेंबरअखेर दक्षिण कोरियाच्या पोलिसांनी सुमारे १,२०,००० कॅमेऱ्यांत शिरल्याच्या आरोपावरून चार जणांना अटक केल्याचे जाहीर केले. तेथेही सोप्या पासवर्डांचा फायदा घेण्यात आला होता.

राजकोटचे वृत्त वाचून माझ्या मनाला जे लागले, ते असे. त्या स्त्रियांनी कॅमेरा विकत घेतला नव्हता, बसविला नव्हता, त्याचा पासवर्ड त्यांच्या हाती नव्हता. तरीही तोंड लपवावयाची पाळी त्यांच्यावरच आली. आपल्या समाजात अजून असेच चालते. ज्याने पाहिले तो मोकळा, आणि जी दिसली ती लाजते. ही लाज पाहणाऱ्याची आहे, विकणाऱ्याची आहे आणि निष्काळजीपणे दार उघडे टाकणाऱ्याची आहे. असा प्रसंग कोणा भगिनीवर आलाच, तर आपण तिच्याविषयी कुजबुज न करता तिच्याबरोबर पोलीस ठाण्यात जावे, हे मंडळ म्हणून आपले पहिले कर्तव्य.

कायदाही हळूहळू जागा झाला आहे. कॅलिफोर्निया राज्यात १ जानेवारी २०२० पासून, आणि ब्रिटनमध्ये २९ एप्रिल २०२४ पासून, सर्व यंत्रांना एकच सोपा पासवर्ड घालून विकण्यास बंदी झाली. आपल्या सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी २४ ऑगस्ट २०१७ रोजी खाजगीपणा हा मूलभूत हक्क असल्याचा निर्णय दिला. माहिती तंत्रज्ञान कायद्याचे कलम ६६-ई आणि १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेचे कलम ७७, यांखाली स्त्रीचे असे चोरून चित्रण करणे वा ते पसरविणे हा गुन्हा आहे. आणि केंद्र सरकारने एप्रिल २०२४ मध्ये अधिसूचना काढून सीसीटीव्ही कॅमेऱ्यांना सुरक्षिततेची चाचणी आवश्यक केली. ती २०२५ च्या एप्रिलपासून अमलात आली. मेरी ब्राउनच्या पेटंटनंतर हे होण्यास पन्नासावर वर्षे लागली.

पण कायदा कितीही चांगला असला, तरी आपल्या दाराची कडी आपल्यालाच लावावी लागते. आमच्या इमारतीत कॅमेरे बसविले, तेव्हा कारागिराने सर्व घरांना एकच पासवर्ड दिला व शेवटी १२३४. मी विचारले तर म्हणाला, "ताई, सोपा असलेला बरा. पुन्हा विसरलात तर मलाच हेलपाटा." त्याचे म्हणणे त्याच्या सोयीपुरते खरे होते. सेक्रेटरींनी त्याला थांबवून घेतले आणि प्रत्येक घराचा पासवर्ड त्याच्या पाठीमागे, ज्याचा त्याला घालावयास लावला. अर्ध्या तासाचे काम!

हे सर्व लिहिण्याचे कारण असे की, आपल्या मंडळाच्या इमारतीत कॅमेरे बसवावेत अशी सूचना कार्यकारिणीपुढे आहे. दिवाळीच्या फराळाची विक्री, भिशीचे पैसे, शिवणयंत्रे, सारे तेथे असते. तेव्हा सूचना योग्यच आहे. माझा तिला विरोध नाही. माझ्या विनंत्या एवढ्याच आहेत.

प्रवेशदार, जिना व कपाटांची खोली येथे कॅमेरा अवश्य असावा. शिवणवर्गात मापे घेतली जातात, तेथे नसावा. पाळणाघराविषयी काही तरुण मातांचे म्हणणे आहे की, कचेरीत बसून मोबाइलवर मूल पाहता यावे. त्यांची ओढ मला समजते. परंतु तेथेच दुसऱ्या माता बाळाला पाजावयास बसतात, आणि दहा जणींच्या मोबाइलवर दिसणारे चित्र दहा घरांत दिसते. म्हणून तेथे बसवावयाचाच तर सर्व मातांना विचारून, पाजण्याच्या आडोशाकडे पाठ करून, आणि इंटरनेटला न जोडता, केवळ कुलपातल्या रेकॉर्डरमध्ये साठेल असा बसवावा. ते जुने बंद मंडल येथे खरोखर उपयोगी पडेल.

जो कॅमेरा इंटरनेटला जोडावयाचा, तो सरकारी चाचणी झालेलाच घ्यावा. कारखान्याचा पासवर्ड पहिल्याच दिवशी बदलावा. तो लांब असावा आणि दुसरीकडे कोठेही वापरलेला नसावा. ॲपमध्ये दुहेरी खात्री, म्हणजे मोबाइलवर येणारा आकडा, चालू ठेवावी. राउटरमधील आपोआप वाट उघडण्याची सोय बंद करावयास सांगावे, आणि कॅमेऱ्यासाठी वेगळे वायफाय ठेवावे. कंपनी सॉफ्टवेअरची दुरुस्ती पाठविते ती वेळच्या वेळी घ्यावी. जी कंपनी ती पाठविण्याचे बंद करते, तिचे यंत्र काढून टाकावे. आवाज टिपण्याची गरज नसेल, तर तो बंद असावा. कॅमेरे कोठे आहेत याची पाटी दारात लावावी. पासवर्ड दोघीच पदाधिकाऱ्यांकडे असावा, आणि दरवर्षी निवडणूक होऊन नवी कार्यकारिणी आली की, किल्ल्या व हिशेबाच्या वह्यांबरोबर जुना पासवर्डही बदलून सोपवावा. तशी नोंद इतिवृत्तात व्हावी.

तपासणीची तारीख म्हणून मी संक्रांतीचे हळदीकुंकू सुचविते. त्या दिवशी साऱ्याजणी येतातच. वाण लुटून झाले की दोघींनी रेकॉर्डर उघडून पाहावा, दुरुस्ती आली आहे काय ते बघावे आणि पासवर्ड बदलावा. पुढच्या सभेत हा विषय येईल, तेव्हा पाळणाघरातील मातांनी आवर्जून यावे.